दुधाचा दात, भाग एक्केचाळीस

माझं काम चहाच्या पेल्यावर नजर ठेवायचं.
एका शॉटमध्ये चहा अर्धा असेल
तर पुढच्या शॉटमध्येही अर्धाच हवा,
मग मधे जेवणाची सुट्टी झालेली असो
की नटाची आई वारलेली असो.
इस्तंबूलच्या पाच स्टुडिओंत हेच केलं, सव्वीस वर्षं.
वहीत लिहायचं: वरचं बटण उघडं,
अंगठी उजव्या हातात, खिडकी बंद.

एल्वान आली तेव्हा नऊ वर्षांची होती.
बिस्किटाच्या जाहिरातीत तिने एक घास असा काही घेतला होता
की दिग्दर्शक म्हणाला, ही पोर भूक ओळखते.
ओळखत होतीच.
बाप गाझिओस्मानपाशाकडे मिनीबस हाकायचा,
आई कारखान्यात कॉलरींना इस्त्री करायची.
बोटांची टोकं इतकी गुळगुळीत झालेली
की सरकारी यंत्रावर तिचा ठसा उमटेना.

मालिकेत एल्वान अनाथ.
रोज पहाटे आई तिचे केस चापूनचोपून विंचरून आणायची
आणि आम्ही ते विस्कटायचो.
हवेलीतली एक गोरीपान बाई तिला पोटाशी धरून रडायची,
खरी आई केबलींच्या वेटोळ्यांपलीकडे
प्लास्टिकच्या खुर्चीवर मोजे विणत बसायची.
‘कट’ झालं की लेक धावायची
आईकडे नाही, खाऊच्या टेबलाकडे.
आई हसायची.
हे मी लिहिलं नाही. माझ्या कामात बसत नव्हतं.

एक्केचाळिसाव्या भागात, जिन्यावरच्या दृश्यात,
तिचा वरचा दात पडला.
गोष्टीत अजून तीच संध्याकाळ चालू होती,
आणि त्या संध्याकाळी तिला सगळे दात होते.
खोटा दात यायला दुपारचे तीन वाजले.
तोवर पन्नास माणसं
एका मुलीच्या तोंडाकडे बघत बसली.
खरा दात मी चिकटपट्टीने वहीत लावला,
खाली तारीख, दृश्याचा क्रमांक.

मग ती वाढायलाच लागली.
गोष्टीत पाच महिने, तिच्या अंगात तीन वर्षं.
बाह्या उसवल्या, बुटांच्या टाचा कापल्या,
उभी राहायची तिथे तिला बसवलं.
शेवटी लेखकांनी तिला तापाने मारलं.

अकरा टेक झाले. चौथ्यात तिला हसू फुटलं.
मी लिहिलं: डोळे मिटलेले, डावा गाल उशीवर, बट कानामागे.
आई त्या दिवशी बाहेर फाटकापाशी उभी होती,
सुया हातात, एकही टाका न घालता.

पुढे सात वर्षं काही नाही.
शाळा. मामाच्या बेकरीचा गल्ला.
‘तू तर मेलीस ना गं?’ गिऱ्हाइकं विचारायची
सुट्टे पैसे मोजून घेताना.
‘हो, मेले.
तीळ लावलेला देऊ की साधा?’
एक म्हातारी रोज थोडी रडायची
आणि एक पाव जास्त न्यायची.

गेल्या महिन्यात ती माझ्या सेटवर आली.
एकोणीस वर्षं, पांढरा कोट,
नाव पहिलं येणारी पहिली भूमिका: डॉक्टर.
आई म्हणाली, जन्मल्यावर हिची नाळ
हिच्या बापाने इस्पितळाच्या भिंतीलगत पुरली होती,
मिनीबसच्या शेवटच्या थांब्याशी, रात्री, पाना वापरून.
नाळ पुराल तिथे पोर पोचतं म्हणतात आमच्यात.
‘पोचली की. पण बघ,
नाडी अंगठ्याने बघते. कुणी तरी शिकवा.’
खरंच होतं. मी वहीत नोंद केली.

जुनी वही कपाटात आहे.
दात पिवळा पडलाय, चिकटपट्टी त्याहून जास्त.
द्यावा का तिला? की विचारेल,
माझा दात तुझ्याकडे काय करतोय इतकी वर्षं?

काल दोन शॉटच्या मधे, बोलता बोलता,
तिने टेबलावरचा चहा पिऊन टाकला.
‘किती होता गं?’ तिने विचारलं.
मला आठवेना.